मार्क्सचं ‘भांडवल’ वाचायचंय? मग पहिल्या पानापासून सुरू करू नका

मी या पुस्तकाचा पहिला खंड दोनदा उघडला आणि दोन्ही वेळा पहिल्याच प्रकरणात ‘२० वार लिनन बरोबर १ कोट’ इथे गाडी रुतली. मग कळलं की खुद्द मार्क्सनेच १८६७ मध्ये, म्हणजे हा खंड आला त्याच वर्षी, कुगेलमान नावाच्या डॉक्टर मित्राला पत्रात लिहिलेलं की तुझ्या बायकोला सांग, कामाचा दिवस, सहकार्य-श्रमविभागणी-यंत्रं आणि आदिम संचय (म्हणजे भांडवल मुळात जमलं कसं) ही प्रकरणं वाचायला सोपी आहेत. लेखक स्वतः सांगतोय तर ऐका ना!

तर आधी कामाच्या दिवसाचं प्रकरण. इंग्रजी आवृत्तीत ते १०वं आहे, जर्मनमध्ये ८वं, त्यामुळे नंबर बघून गोंधळू नका. इथे थिअरी शोधायची नाही, नुसतं वाचत जायचं. मेरी अ‍ॅन वॉकली, वय २०, लंडनमध्ये कपडे शिवणारी, जून १८६३ मध्ये सलग साडेसव्वीस तास काम, एका खोलीत ३० पोरी, शुक्रवारी आजारी पडली, रविवारी गेली. असं पानोपानी आहे, आणि बरंचसं सरकारी फॅक्टरी इन्स्पेक्टरांच्या रिपोर्टमधून उचललेलं. (आपल्याकडे नारायण मेघाजी लोखंडे मुंबईच्या गिरणी कामगारांसाठी रविवारची सुट्टी मागत होते, ती १८९० मध्ये मिळाली. हे प्रकरण वाचलं की ती मागणी केवढी होती ते कळतं.)

मग सातवं प्रकरण, आणि इथे कागद-पेन्सिल घ्याच. सूतगिरणी आहे. १० रतल कापूस १० शिलिंगचा, सूत कातायच्या चात्यांची झीज २ शिलिंग, कामगाराची दिवसाची मजुरी ३. सहा तासांत त्या कापसाचं सूत होतं, तेवढ्या श्रमाने मालात ३ शिलिंगची भर पडते असं मार्क्स धरतो, म्हणून ते विकलं जातं १५ ला. घातले १५, आले १५, मालकाचं तोंड पडलेलं. पण मजुरी दिवसाची दिलीय, सहा तासांची नाही! मग बारा तास चालवा: कापूस २०, झीज ४, मजुरी तीच ३, एकूण २७, आणि सूत विकलं ३० ला. हे वरचे ३ म्हणजे वरकड मूल्य.

यात कापूसवाल्याला फसवलं नाही, गिऱ्हाइकाला फसवलं नाही, कामगारालाही ठरलेली मजुरी दिली, हे दोनदा वाचा कारण सगळी मेख इथेच आहे. नाक्यावरून बिगारी आणतो तेव्हा आपण त्याची हजेरी ठरवतो, म्हणजे त्याचा दिवस विकत घेतो, त्या दिवसात तो किती घमेली वाहील ते नंतरचं. दिवसभर काम करायची ही जी ताकद विकत घेतली तिला मार्क्स श्रमशक्ती म्हणतो, प्रत्यक्ष केलेलं काम म्हणजे श्रम, ते वेगळे. हा फरक हुकला की पुढचं पुस्तक म्हणजे नुसती चिडचिड.

आता मागे चौथ्यावर या, पैशाचं भांडवल कधी होतं ते तिथे आहे. शेतकरी लासलगावला कांदा विकून पोराची फी भरतो ते माल-पैसा-माल, आणि व्यापारी तोच कांदा घेऊन पुढे विकतो ते पैसा-माल-जास्त पैसा. नोटा त्याच, चक्र उलटं.

आणि मगच पहिलं प्रकरण. लिनन-कोट आता बऱ्यापैकी पचतं. एक लक्षात ठेवा, किमतीमागे श्रम असतात ही आयडिया मार्क्सची नाही. अर्थतज्ज्ञ अ‍ॅडम स्मिथने १७७६ मध्येच लिहिलं होतं की बीव्हर मारायला हरणाच्या दुप्पट मेहनत लागत असेल तर एका बीव्हरला दोन हरणं मिळतील, आणि त्याच्यानंतरच्या रिकार्डो या अर्थतज्ज्ञाने १८१७ मध्ये ते आणखी ताणलं.

विरोधकांचं मात्र हे गणित स्वतः केल्यावरच वाचा. १८७१ मध्ये जेव्हन्स आणि मेंगर हे अर्थतज्ज्ञ म्हणाले की मूल्य श्रमातून नाही, घेणाऱ्याला त्या जादाच्या एका नगाची किती गरज आहे त्यावरून ठरतं. पण माझ्या मते सगळ्यात टोचणारा प्रश्न ब्योम-बावेर्क या ऑस्ट्रियन अर्थतज्ज्ञाचा, १८९६ चा: वरकड फक्त श्रमातून येतं तर एका धंद्यात यंत्रं जास्त माणसं कमी, दुसऱ्यात उलट, तरी नफ्याचा दर साधारण सारखाच कसा? यावर मार्क्सने आधीच लिहून ठेवलेलं उत्तर तिसऱ्या खंडात आहे, तो त्याचा मित्र आणि सहकारी एंगल्सने १८९४ मध्ये काढला, मार्क्स जाऊन ११ वर्षं झाल्यावर. मी सध्या त्याच खंडात आहे आणि पेन्सिल परत काढावी लागलीय.