अबोल्याची पाच मिनिटांची फिल्म

गुहागरच्या आमच्या कौलारू घरात मी ही फिल्म मोबाईलवर केली. तुम्हालाही करायची असेल तर भांडण दाखवू नका, अबोला दाखवा. एकच जागा पुरते: स्वयंपाकघर. बाई विळीच्या खवणीवर नारळ खवतेय, नवरा दारात उभा. मोबाईल स्टँडवर, अजिबात हलवायचा नाही.

जीव आवाजात असतो. माईक विळीजवळ ठेवा, पंखा बंद करा. खवण्याची खरखर थांबते तिथेच छातीत धस्स होतं. शेवटी रिकाम्या खोलीचा मिनिटभर आवाज वेगळा घ्या. एडिटिंगमध्ये जोड त्यानेच झाकले जातात.

व्हिडिओत ट्यूबलाइट लुकलुकली तर कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये शटर (एका फ्रेमला प्रकाश घेण्याचा वेळ) १/५० सेकंद करा, आपली वीज ५० हर्ट्झची.

संवाद एकच: "आमटीत मीठ नाही." ती फक्त बरणी पुढे सरकवते. त्या हातावर दहा सेकंद थांबा.