खाजनकाठची पारदर्शक कोळंबी शोधावी आणि ओळखावी कशी

अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरील खाऱ्या दलदलींत पॅलिमोनेटिस प्युजिओ नावाची, फार तर 5 सेंटिमीटरपर्यंत वाढणारी, काचेसारखी पारदर्शक कोळंबी राहते. तेथे तिला गवतातली कोळंबी म्हणतात. ती गोव्यात नाही. परंतु तिच्याच पॅलिमोनिडी कुळातील लहान कोळंब्या मांडवी आणि झुआरी यांच्या काठी आढळतात, आणि आपण मात्र त्यांना 'बारीक सुंगटे', म्हणजे लहान कोळंब्या, म्हणून मोकळे होतो. मोठ्या सुंगटांची पिल्ले आणि या पूर्ण वाढूनही लहानच राहणाऱ्या कोळंब्या यांतला फरक एकदा डोळ्यांना कळला, की खाडीकाठचे पाणी निराळेच दिसू लागते.

नवशिक्याने उधाणाचे दिवस टाळून अष्टमीच्या आसपासचा भांग, म्हणजे भरती-ओहोटी कमी असते तो काळ, निवडावा, कारण त्या वेळी प्रवाह मंद असतो आणि पाणी तुलनेने निवळलेले असते. भरतीच्या वेळी अशा कोळंब्या पाण्याबरोबर गवतात आणि मुळांच्या गुंत्यात शिरतात व ओहोटी लागली की काठालगतच्या उथळ पाण्यात उतरतात; म्हणून ओहोटी पूर्ण होण्यापूर्वीचे दोन तास सर्वांत सोयीचे. भरतीची वेळ रोज सुमारे 50 मिनिटांनी पुढे सरकते, हे लक्षात घेऊन बेत आखावा.

जागा निवडताना खारफुटीची मुळे, बुडालेल्या फांद्या, कालवे चिकटलेले दगड आणि खाजनाच्या, म्हणजे खाडीकाठच्या बांध घातलेल्या सखल जमिनीच्या, बांधाचा पायथा पाहावा. उघड्या चिखलावर शोधण्यात वेळ दवडू नये. माशांपासून लपायला आडोसा नसेल तेथे हा प्राणी सहसा थांबत नाही. मानशीजवळ, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या दाराजवळ, जाळी टाकण्याचा हक्क बहुधा कोणाकडे तरी असतो, त्यामुळे आधी विचारणे इष्ट. चोडण येथील डॉ. सलीम अली पक्षी अभयारण्यात वन खात्याच्या परवानगीवाचून काहीही पकडू नये. कुंभारजुवे कालव्यात तर पाण्यात उतरूच नये, कारण तेथे मगरी आहेत.

सुमारे 2 मिलिमीटर छिद्रांची हातजाळी, पांढरे पसरट भांडे आणि दहापट मोठे दाखवणारे भिंग एवढे साहित्य पुरते. जाळी मुळांच्या तळाशी टेकवून हळूच वर उचलत न्यावी. भांड्यात त्याच जागेचे पाणी घ्यावे, नळाचे कदापि नको, आणि ते सावलीत ठेवावे. उथळ पाणी उन्हात पाहता पाहता तापते.

आता ओळख. प्रथम पाय पाहावेत. पांढरी कोळंबी, वाघी कोळंबी, खाजनात पुष्कळ मिळणारी लहान जातीची कोळंबी ही सारी पिनिडी कुळातली. त्यांच्या चालण्याच्या पायांपैकी पुढच्या तीन जोड्यांना चिमटे असतात. आपल्या कोळंबीत ते केवळ पहिल्या दोन जोड्यांना असतात आणि दुसरी जोडी बहुधा अधिक लांब असते. चिमटे इवले असल्याने ही खूण हुकू शकते, म्हणून दुसरी खूणही तपासावी: उदराच्या दुसऱ्या खंडाची बाजूची पट्टी पहिल्या आणि तिसऱ्या अशा दोन्ही खंडांवर आलेली असते. पिनिडी कोळंबीत ती फक्त तिसऱ्यावर येते, आणि पहिल्या खंडाची पट्टी तिच्यावर असते. माझ्या मते हीच खूण सर्वांत भरवशाची, कारण पाय तुटतात, पट्टी तुटत नाही.

उदराखाली अंड्यांचा पुंजका दिसला, तर ती पिनिडी नाही यात शंकाच उरत नाही. पिनिडी कोळंबीची मादी अंडी समुद्राच्या पाण्यात सोडून देते आणि तिची पिल्ले भरतीबरोबर खाडीत येऊन वाढतात. पॅलिमोनिडी मादी मात्र अंडी पोहण्याच्या पायांना चिकटवून पिल्ले बाहेर पडेपर्यंत सांभाळते. ताजी अंडी अपारदर्शक असतात; फुटायच्या सुमारास ती निवळतात आणि आतील पिल्लांचे काळे डोळे ठिपक्यांसारखे दिसतात. कधी एका गालाकडे कवच फुगलेले आढळते. ती गाठ नव्हे. कल्ल्यांच्या पोकळीत राहणारा बोपिरिड नावाचा परजीवी तेथे असतो.

भांड्यात कुजके पान टाकून पाच मिनिटे स्वस्थ बसावे. कोळंबी चिमट्यांनी त्याचे कण वेचते, आणि पारदर्शक पाठीतून तिचे धडधडणारे हृदयही दिसते. पानावरील जिवाणू व शेवाळ हे तिचे अन्न. ते खाताना पान बारीक होते आणि कुजण्याचा वेग वाढतो. पुढे तिलाच चणक म्हणजे जिताडा आणि इतर मासे खातात.

एकाच जागी मे महिन्यात आणि पुन्हा ऑगस्टमध्ये जावे. उन्हाळ्यात खारटपणा नदीत बराच आतवर पोहोचतो, तर पावसाळ्यात मुखाजवळचे वरचे पाणीही जवळपास गोडे होते. खारटपणाचे असे चढउतार सोसणे ही खाडीत राहण्याची अटच असल्याने, आढळलेल्या कोळंब्यांच्या संख्येबरोबर पाण्याचा खारटपणा, ओहोटीची वेळ आणि अंडी असलेल्या माद्यांची संख्या वहीत नोंदवावी.

पाहून झाल्यावर अंडी असलेल्या माद्या आधी सोडाव्यात. मानशीच्या ज्या बाजूला कोळंबी पकडली त्याच बाजूला ती सोडावी, कारण दाराच्या आतल्या आणि बाहेरच्या पाण्याचा खारटपणा सारखा असेलच असे नाही.