भूतकाळाचे पडसाद टिपणारी वेधशाळा लिहिताय? या चुका टाळा

जुन्या घटनांचे पडसाद टिपणारी काल्पनिक वेधशाळा ही माझी फार आवडती कल्पना. दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा निवडताना ती दरवर्षी हाती येते आणि दरवर्षी त्याच त्या चुकांनी मार खाते. विशेषतः मुंबईत घडणाऱ्या कथांमध्ये.

सगळ्यात जास्त कथा घड्याळापाशी फसतात. डोंबिवलीच्या एका तरुण लेखकाची कथा आली होती. शिवडीच्या बंद गोदामात वेधशाळा. १४ एप्रिल १९४४ च्या गोदी-स्फोटाचा पडसाद ऐंशी वर्षांनी परत येणार म्हणून नायिका दुपारी चार वाजून सहा मिनिटांनी यंत्र लावून बसते. अभ्यास चांगला होता. ‘फोर्ट स्टायकिन’ जहाज, एकाच पोटात भरलेला दारूगोळा आणि कापसाच्या गाठी, सोन्याच्या विटा, अर्ध्या तासाच्या आतला दुसरा स्फोट, सगळं जागच्या जागी. मी फोन करून एवढंच विचारलं, “चार वाजून सहा, पण कुठल्या घड्याळात?”

युद्धामुळे १९४२ ते १९४५ या काळात सरकारी घड्याळं आजच्या प्रमाणवेळेच्या एक तास पुढे होती. त्याशिवाय मुंबईची स्वतःची वेळ होती, ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे, म्हणजे प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागे. १९०६ मध्ये प्रमाणवेळ आली तरी या शहराने आपली वेळ लगेच सोडली नाही. चार-सहा ही सरकारी वेळ धरली, तर आजच्या घड्याळात तो क्षण तीन वाजून सहा मिनिटांचा. नायिका यंत्र सुरू करते तोवर दोन्ही स्फोट येऊन गेलेले असणार.

“सर, एवढं कोण बघतं?” तो म्हणाला. हे वाक्य मला अजिबात सहन होत नाही. अरे, वेधशाळेत तेच तर बघतात! बरेच दिवस तो रुसून होता. मग त्याने कथा पुन्हा लिहिली. नायिकेच्या हाती काहीच लागत नाही, आपण कुठे चुकलो हे ती शोधत जाते आणि तिला युद्धकाळातला तो एक तास सापडतो. आधीच्या खर्ड्यापेक्षा ही कथा कितीतरी सरस झाली. माझी सवय अशी की कथेतल्या प्रत्येक वेळेपुढे पेन्सिलीने घड्याळाचं नाव लिहायचं. मुंबई, मद्रास, प्रमाण की युद्धकाळ. मद्रास यासाठी, की एकोणिसाव्या शतकात रेल्वे त्या वेळेवर चालायची.

पडसाद बरोबर वर्षश्राद्धाच्या तारखेला आणू नका. पडसादाला तिथी कळत नाही.

दुसरी चूक जागेची. वेधशाळा चर्चगेटच्या गच्चीवर आणि खालून लोकल धावताहेत, हे दृश्य लेखकांना फार मोहात पाडतं. त्यांनी कुलाबा वेधशाळेचा इतिहास आधी वाचावा. १८२६ मध्ये उभी राहिलेली ही वेधशाळा पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या नोंदी ठेवत होती. मुंबईत विजेची ट्राम येणार असं ठरलं आणि त्या विजेने नोंदी बिघडणार हे स्पष्ट झालं. तेव्हा संचालक नानाभाई मूस यांनी चुंबकीय काम अलिबागला हलवलं. १९०४ पासून दोन वर्षं दोन्हीकडे एकाच वेळी नोंदी घेऊन आकडे ताडून पाहिले, मगच कुलाब्यातलं हे काम थांबलं. कथेत मात्र यंत्राची पेटी उघडते आणि तिसऱ्या ओळीत शिवाजी महाराजांचा दरबार दिसू लागतो. इतकी घाई असलेल्याने वेधशाळेच्या वाटेला जाऊ नये. तुमच्या यंत्राला कशाचा त्रास होतो हे आधी ठरवा, आणि तो त्रास कथेत ठेवा.

जमिनीचंही बघा. १८५९ साली नरिमन पॉइंट समुद्रात होता. तिथे बसून त्या काळची पावलं ऐकू येणार नाहीत. आणि पृथ्वी स्वतः सूर्याभोवती सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर वेगाने फिरते, तेव्हा ‘तीच जागा’ म्हणजे कुठली, याचं एका वाक्यात तरी उत्तर द्या.

प्रकाशाच्या पडसादाबद्दल थोडं. तो खरोखर असतो. १५७२ मध्ये खगोलशास्त्रज्ञ टायको ब्राहेने पाहिलेल्या ताऱ्याच्या स्फोटाचा प्रकाश धुळीवरून परावर्तित होऊन शतकांनी उशिरा पोहोचला आणि २००८ मध्ये त्याचा वर्णपट अभ्यासला गेला. त्यातून स्फोटाचा प्रकार कळला. चेहरे, आवाज, संवाद असलं काही मिळालं नाही. शंभर प्रकाशवर्षांवरून पृथ्वीवरची एक मीटरची वस्तू ओळखायची तर दुर्बिणीचा व्यास पृथ्वी-सूर्य अंतराच्या जवळजवळ चौपट लागेल. त्यामुळे पानिपतावरची पगडी दाखवू नका. धुरळा उठला एवढं दाखवा, वाचक त्यावर थरारतो.

म्हाताऱ्या प्रोफेसरचं तीन पानी भाषण कापा. वेधशाळेतून भूतकाळ बदलू नका, ती कथा वेगळी.

आणि रिकाम्या नोंदी टाळू नका. ही चूक मला सर्वात जास्त खटकते. सप्टेंबर १८५९ चं प्रचंड चुंबकीय वादळ, म्हणजे पृथ्वीच्या चुंबकत्वात झालेली मोठी उलथापालथ, कुलाब्यात टिपलं गेलं. चुंबकत्वाचा क्षैतिज (आडवा) घटक सुमारे १,६०० नॅनोटेस्लाने (चुंबकत्व मोजायचं एकक) खाली आल्याची नोंद तिथे आहे. ती मिळाली, कारण काहीही घडत नसतानाही माणसं तासातासाला आकडे लिहीत होती. त्या नोंदींवर २००३ मध्ये पुन्हा संशोधन झालं. म्हणून मी नव्या लेखकाकडून कथेआधी वेधशाळेच्या वहीचं एक पान मागतो: तारीख, वेळ, घड्याळ, हवामान, आकडा, शेरा, नोंद करणाऱ्याची सही. निदान वीस ओळी, आणि त्यातल्या बहुतेकांपुढे शेरा ‘काही नाही’. ते पान कथेत छापायचं नसतं, पण त्याशिवाय मी कथा वाचायला घेत नाही.