आधी कान, मग कॅमेरा: पिएर लोम यांच्या पद्धतीने जनावरांचा बाजार चित्रित करताना

फ्रेंच छायालेखक पिएर लोम (१९३०–२०१९) यांनी १९६२ च्या मे महिन्यात, अल्जीरियातील युद्ध नुकतेच थांबलेले असताना, दिग्दर्शक क्रिस मार्कर यांच्यासह पॅरिसच्या सामान्य माणसांना बोलते करून 'ल जोली मे' हा माहितीपट चित्रित केला. त्याच्या दिग्दर्शनाचे श्रेय लोम यांनाही मिळाले. छायालेखकाला असा मान क्वचितच लाभतो. पुढे त्यांनी 'सिरानो द बेर्जेराक' (१९९०) यांसारखे भव्य कथापट चित्रित केले, तरी शिकणाऱ्याने सुरुवात या कृष्णधवल माहितीपटापासूनच करावी.

त्यात एक गृहस्थ मनापासून बोलत असताना त्यांच्या कोटावर कोळी चालू लागतो. कॅमेरा चेहरा सोडून कोळ्यामागे जातो आणि बोलणे सुरूच राहते. खांद्यावर घेता येणारा सोळा मिलिमीटरचा हलका कॅमेरा आणि सोबतच होणारे ध्वनिमुद्रण यांमुळे हे शक्य झाले. पण यंत्रापेक्षा मोठी गोष्ट अशी की, शब्द ध्वनिमुद्रणात सुरक्षित आहेत हे ठाऊक असलेला डोळाच असा मोकळा फिरू शकतो.

हाच सराव उदगीर तालुक्यातील हाळी-हंडरगुळीच्या जनावरांच्या बाजारात करावा. मोबाइलला तारेचा माइक जोडावा आणि एका कानात हेडफोन ठेवावा. झूम वापरू नये. जवळून पाहायचे असल्यास परवानगी घेऊन दोन पावले पुढे जावे. उजेडाचे माप माणसाच्या चेहऱ्यावर धरून तेथेच स्थिर करावे, कारण देवणी जातीच्या जनावराच्या काळ्या-पांढऱ्या अंगावर ते सोडले, तर मराठवाड्याच्या दुपारी टोपीखालचा चेहरा काळवंडून जातो. आकाश पांढरे पडले तरी चालेल. सोळा मिलिमीटरच्या चारशे फुटी रिळात जेमतेम अकरा मिनिटे मावत. तेवढीच मर्यादा स्वतःला घालून घेतल्यास लक्ष विखुरत नाही.

दोघे बोलत असताना बोलणाऱ्याकडे लगेच वळण्याची घाई करू नये. 'मामा, एवढ्यात परवडत नाही' हे वाक्य कानावर पडते, तेव्हा ते ऐकणाऱ्या शेतकऱ्याचा चेहराच अधिक सांगून जातो. सौदा बोलण्यातून दस्तीखाली, म्हणजे हातावर टाकलेल्या रुमालाखाली, सरकला, बोटांनी भाव ठरू लागला, की कॅमेरा सावकाश खाली न्यावा आणि कापडाची हालचाल टिपावी. मात्र त्याखाली डोकावण्याचा प्रयत्न करू नये, कारण तो भाव त्या दोघांचा आहे. हात सुटल्यावरही चित्रण थांबवू नये. बैल नव्या मालकामागे चालू लागतो, तेव्हा कॅमेरा विकणाऱ्यापाशीच राहू द्यावा आणि घुंगरांचा आवाज दूर जाताना ऐकू येऊ द्यावा.