भुतांचा पब क्रॉल: या चुका टाळा

जुन्या शहरातल्या तीन-चार जुनाट पबमध्ये गाईडबरोबर फिरायचं, प्रत्येक ठिकाणी एखादा ग्लास घ्यायचा आणि त्या जागेच्या भुताची गोष्ट ऐकायची, एवढाच हा प्रकार. ब्रिटनमध्ये एडिंबरा, यॉर्क, लंडन आणि अमेरिकेत सव्हाना, न्यू ऑर्लिन्स ही त्याची ठरलेली गावं. दोन-अडीच तासांच्या या फेरीत फसण्यासारखं काय असणार, असं वाटतं खरं. पण हिरमुसून परतणाऱ्यांची कारणं तीच ती असतात आणि त्यातली निम्मी पहिल्या पबचं दार ढकलण्याआधीच पक्की झालेली असतात. मूळ घोळ असा, की लोक याला पार्टी समजून जातात. मुख्य जेवण गोष्टींचं आहे, दारू तोंडी लावायला.

बुकिंगचं पान अर्धवट वाचणं

‘घोस्ट टूर’, ‘घोस्ट वॉक’, ‘हाँटेड पब क्रॉल’ ही नावं जाहिरातीत कशीही फिरवली जातात. एका फेरीत दफनभूमी, तळघरं, अंधाऱ्या गल्ल्या आणि शेवटी एका पबमध्ये एकच ग्लास. दुसरीत पबच्या बाहेर फुटपाथवर उभं राहून गोष्ट ऐकायची, आत जायचंच नाही. तिसरा खरा क्रॉल. नावावरून यातलं काहीच कळत नाही. म्हणून पैसे भरण्याआधी पाहायचं ते एवढंच: किती पब, प्रत्येकात किती वेळ, पेय तिकिटात धरलंय का आणि चाल किती आहे. बहुतेक ठिकाणी तिकीट गाईडचं असतं, ग्लासचे पैसे आपले आपण द्यायचे. अमेरिकेत त्यावर काउंटरवाल्याला आणि शेवटी गाईडला टिप द्यावी लागते, तो हिशेबही आधीच धरून ठेवावा.

वेळेचं गणितही करून बघावं. अडीच तासांत चार पब म्हणजे चालणं वजा जाता एका ठिकाणी जेमतेम पंचवीस मिनिटं. त्यातली दहा काउंटरवरच्या गर्दीत जातात. पाच-सहा पबची यादी दाखवणारी फेरी दिसली की मी तरी पुढे जातो. तिथे गोष्टीला वेळच उरत नाही.

दोन वेळा उपलब्ध असतील तर आधीची घ्या. अंधार पडल्यावरच भुतं भेटतात म्हणून लोक उशिराची वेळ निवडतात आणि मग शुक्रवारी-शनिवारी लग्नाआधीच्या पार्टीला निघालेल्या झिंगलेल्या टोळक्याबरोबर फिरतात. गाईडचा आवाज त्या गोंगाटात बुडतो. न्यू ऑर्लिन्सच्या फ्रेंच क्वार्टरमध्ये तर नियमच आहे: एका घोळक्यात जास्तीत जास्त २८ जण आणि रात्री १० नंतर गाईडची फेरी बंद.

राउंडमध्ये सापडणं

सगळ्यात जास्त लोक इथे आडवे होतात, त्यामुळे जरा सविस्तर.

ब्रिटिश पबमध्ये राउंडची पद्धत आहे. एकाने सगळ्यांसाठी घ्यायचं, पुढच्या वेळी दुसऱ्याने. ओळखीपाळखी होत असतात, समोरचा हसून विचारतो, आपण ‘हो’ म्हणतो. पण चौघांच्या राउंडमध्ये शिरलात, की चार ग्लास आलेच. आधी उठणं म्हणजे दुसऱ्यांचं पिऊन स्वतःच्या पाळीला पळ काढल्यासारखं दिसतं. मग नको असताना चौथा रिचवायचा.

आता आकडे बघा. ब्रिटनमधला पाइंट ५६८ मिलिलिटरचा. साडेचार टक्क्यांच्या बिअरचा एक पाइंट म्हणजे सुमारे अडीच युनिट अल्कोहोल. (एक युनिट म्हणजे १० मिलिलिटर शुद्ध अल्कोहोल.) चार पाइंट झाले की दहा युनिट. तिथल्या आरोग्य खात्याचा सल्ला आठवड्याला १४ युनिटपेक्षा जास्त नको असा आहे, आणि शरीर साधारण तासाला एक युनिट निकालात काढतं. म्हणजे आठवड्याच्या मर्यादेचा मोठा भाग आपण अडीच तासांत, तोही चालता-चालता, संपवला. अमेरिकेत पाइंट ४७३ मिलिलिटरचा असतो म्हणून हायसं वाटून घेऊ नका. न्यू ऑर्लिन्सचं ‘हरिकेन’ हे कॉकटेल फळांच्या रसासारखं गोड लागतं, पण त्याच्या मूळ कृतीत ४ औंस (सुमारे १२० मिलिलिटर) रम असते. एका ग्लासात जवळजवळ चार लहान पेगांचा ऐवज. पहिल्याच थांब्यावर ते घेणाऱ्याला तिसऱ्या पबमधली गोष्ट दुसऱ्या दिवशी आठवत नाही.

उपाय साधे आहेत. राउंडला सुरुवातीलाच ‘मी माझं माझं घेतो, मला हळू प्यायचंय’ म्हणून टाकायचं. कोणी वाईट वाटून घेत नाही. ब्रिटनमध्ये हाफ पाइंट मागायचा, तो सगळीकडे मिळतो आणि पंचवीस मिनिटांत आरामात संपतो. एका पबआड नुसता सोडा किंवा टॉनिक घ्यायचं. जेवण फेरीआधीच उरकायचं, कारण जुन्या पबचं स्वयंपाकघर आपण पोचेपर्यंत बंद झालेलं असू शकतं. आणि अजिबात न पिणाऱ्यांनीही खुशाल जावं, गोष्टीला अल्कोहोलची अट नाही. फक्त आत बसायचं तर काहीतरी विकत घ्या. वीस जणांचा घोळका घुसून एकही ग्लास न घेता खुर्च्या अडवून बसला, तर पबवाला गाईडला पुढच्या वेळी दारातून परत पाठवतो.

काउंटरवर वेळ घालवणं

टेबलावर बसून वेटरची वाट पाहत बसू नका. ब्रिटिश पबमध्ये काउंटरवर जाऊन मागायचं आणि तिथेच पैसे द्यायचे. पोचल्या पोचल्या आधी ग्लास, मग जागा. टॉयलेटला निघायच्या क्षणी जायचं नाही, कारण घोळका थांबत नसतो. थोडी ग्लासात उरली तर सोडून द्या. निघताना घाईघाईने अर्धा पाइंट एका दमात घशात ओतणारे पुढच्या चढावर हमखास थांबतात.

ग्लास हातात घेऊन बाहेर पडणं

हा नियम गावागणिक बदलतो. सव्हानाच्या ऐतिहासिक भागात नदीकाठापासून जोन्स स्ट्रीटपर्यंत रस्त्यावर पेय नेता येतं, पण एका वेळी एकच, १६ औंसांपर्यंतचं आणि प्लॅस्टिकच्या कपात. न्यू ऑर्लिन्समध्येही कप चालतो, काच चालत नाही. काउंटरवर ‘गो-कप’ म्हटलं की ओतून देतात. अमेरिकेच्या बहुतेक शहरांत मात्र उघडं पेय घेऊन रस्त्यावर उतरलं की दंड. ‘तिकडे चाललं होतं’ हे इकडच्या पोलिसाला सांगून उपयोग नाही. नेमकं काय चालतं ते गाईडला पहिल्याच थांब्यावर विचारा.

ओळखपत्राचंही तसंच. अमेरिकेत वय २१ लागतं, ब्रिटनमध्ये १८. तिशीतल्या माणसालाही विचारतात. मूळ पासपोर्ट जवळ हवा. मोबाईलमधला फोटो बहुतेक ठिकाणी नाकारतात आणि मग तुम्ही दाराबाहेर, बाकीचे आत.

सगळं खरं मानणं, किंवा काहीच न मानणं

भिंतीवर रंगवलेलं साल म्हणजे इतिहास नव्हे. नॉटिंगहॅमच्या ‘ये ओल्ड ट्रिप टू जेरुसलेम’ या पबवर ११८९ असं ठळक लिहिलंय. प्रत्यक्षात आजची इमारत बरीचशी १७व्या शतकातली आहे. मागची वालुकाश्मातली गुहेसारखी तळघरं जुनी, हे खरं. त्याच गावातल्या ‘बेल इन’चं लाकूड तपासलं तेव्हा ते १४३७ च्या सुमाराचं निघालं, पण तिथे जेरुसलेमला निघालेल्या धर्मयोद्ध्यांची गोष्ट नाही. न्यू ऑर्लिन्सच्या ‘लाफीट्स ब्लॅकस्मिथ शॉप’मध्ये जाँ लाफीट हा समुद्री चाचा लोहारकामाच्या आडून तस्करीचा माल खपवायचा असं सांगतात. लाफीट खरा, १८१५ च्या न्यू ऑर्लिन्सच्या लढाईत त्याने अमेरिकेच्या बाजूने मदत केली हेही खरं. त्या भट्टीचा मात्र कागदोपत्री पुरावा नाही.

याचा अर्थ गाईडला मध्येच थांबवून उलटतपासणी घ्यायची असा नाही. ती दुसरी चूक, आणि ती सहसा शिकलेली माणसं करतात. माझी पद्धत अशी: प्रत्येक गोष्टीचे थर मनातल्या मनात वेगळे करायचे. एडिंबऱ्याचा ग्रासमार्केट हा चौक त्यासाठी उत्तम. बर्क आणि हेअर या दोघांनी १८२८ मध्ये १६ खून करून प्रेतं शरीरशास्त्राच्या वर्गाला विकली. हा न्यायालयातला इतिहास आहे. हेअर माफीचा साक्षीदार झाला, बर्कला जानेवारी १८२९ मध्ये फाशी दिली आणि त्याच्याही प्रेताचं विच्छेदन झालं; सांगाडा आजही तिथल्या विद्यापीठाच्या संग्रहालयात आहे. ते राहत होते त्या वेस्ट पोर्टला ग्रासमार्केटमधून चालत जाता येतं, हा भूगोल. आणि त्यांनी माणसं अमुक पबमधून गटवली, ती अजून तळघरात खुडबुड करतात, ही पबची भर. तिन्ही थर कळले की गोष्ट फिकी पडत नाही, उलट गाईड कुठे रंग भरतोय ते बघण्यात गंमत येते.

त्याच चौकातली मॅगी डिक्सनची गोष्ट तर भुताविनाच भारी आहे. लपवलेलं गरोदरपण आणि मेलेलं मूल या प्रकरणात तिला १७२४ मध्ये इथे फाशी दिली. नातेवाईक पेटी घेऊन गावाकडे निघाले, वाटेत प्यायला थांबले आणि पेटीतून आवाज आला. मॅगी जिवंत! शिक्षा तर अमलात आली होती, तेव्हा पुन्हा फाशी नाही. ती पुढे कित्येक वर्षं जगली. आज तिच्या नावाचा पब तिथेच आहे, शेजारी ‘द लास्ट ड्रॉप’.

शंका असेल तर दोन पबच्या मधल्या चालीत गाईडला विचारा, ‘ही गोष्ट पहिल्यांदा कुठे लिहिली गेली?’ चांगल्या गाईडला हा प्रश्न आवडतो. तो जो खुलासा करेल, तो कधी कधी ठरलेल्या संहितेपेक्षा सरस असतो.

खऱ्या माणसांच्या मरणावर विनोद करताना जरा सांभाळून. लंडनच्या ‘टेन बेल्स’चं नाव १९७६ ते १९८८ या काळात ‘द जॅक द रिपर’ होतं. १८८८ मध्ये मारल्या गेलेल्या बायका त्याच वस्तीतल्या, आणि खुन्याचं नाव पाटीवर. विरोध झाला, नाव उतरलं. एखादा गाईड त्या बायकांवर हशा मिळवत असेल तर आपण हसलंच पाहिजे असं नाही.

फोटोत भूत दिसलं, आता?

अंधारात फ्लॅश मारला की हवेतली धूळ आणि पावसाचे बारीक थेंब लेन्सच्या अगदी जवळ चमकतात आणि फोटोत पांढरे गोळे उमटतात. जुन्या तळघरात धुळीला तोटा नाही. फ्लॅश बंद करा, मोबाईल खांबाला टेकवून नाईट मोडवर घ्या, गोळे गायब होतील. नेहमीच्या गिऱ्हाइकांचे चेहरे टिपू नका. ते भूत पाहायला आलेले नाहीत. नॉटिंगहॅमच्या त्या पबमध्ये एक ‘शापित’ जहाजाची प्रतिकृती आहे. ती पुसणारा मरतो, अशी वदंता, म्हणून तिच्यावर धुळीची जाड पुटं साचू दिलीयत. अशा वस्तूंना हात लावून बघायचा मोह आवरा. शापाचं सोडा, पबवाला बाहेर काढेल.

फोटोशिवायही एखाद्या खोलीत अंगावर काटा येतो, त्याचं काय? एडिंबऱ्याच्या साउथ ब्रिजखालच्या कमानींमध्ये मानसशास्त्रज्ञ रिचर्ड वाइजमन यांनी २००१ मध्ये प्रयोग केला. कुठल्या खोल्या बदनाम आहेत हे ठाऊक नसतानाही लोकांना विचित्र अनुभव त्याच खोल्यांत जास्त आले. वाइजमन यांचा निष्कर्ष असा, की खोली केवढी, उजेड किती अशा गोष्टी आपण नकळत टिपतो आणि त्यांतून भीती तयार होते. व्हिक टँडी या ब्रिटिश अभियंत्याला तर प्रयोगशाळेत करडी आकृती दिसली होती. पंख्याची सुमारे १९ हर्ट्झची, कानाला न ऐकू येणारी कंपनं त्याचं कारण, असं त्याने १९९८ मध्ये मांडलं. त्यावर पुढे वादही झाले. कोंडल्यासारखं होत असेल तर मात्र धीट दिसायच्या नादात आत उभं राहू नका. गाईडला खूण करा आणि वरच्या मजल्यावर जा.

वाटेत काही बिघडलं तर

चुकामूक सगळ्यात सामान्य. सुरुवातीलाच गाईडकडून पबची नावं क्रमाने लिहून घ्या. तो दिसेनासा झाला तर शोधत हिंडण्यापेक्षा सरळ पुढच्या पबला जाऊन उभं राहा. काही ऐकू येत नसेल तर घोळक्याच्या मागे राहून कुरकुरण्याऐवजी चालताना गाईडच्या बरोबरीने चाला, म्हणजे थांबल्यावर आपोआप पुढे असाल. कोणी फार चढलेला त्रास देत असेल तर त्याच्याशी हुज्जत घालू नका, गाईडला सांगा. तिकिटात कबूल केलेला पब बंद निघाला तर तिथल्या तिथे विचारा, घरी जाऊन वाईट शेरा लिहिण्याने पैसे परत मिळत नाहीत.

पायात घट्ट, न घसरणारे बूट हवेत. ओली दगडी फरसबंदी आणि तळघराच्या झिजलेल्या पायऱ्या भुतांपेक्षा जास्त लोकांना पाडतात. थंडीत जॅकेट काढून फिरू नका: दारूने त्वचेजवळच्या रक्तवाहिन्या फुलतात, अंगात ऊब आल्यासारखं वाटतं, प्रत्यक्षात शरीर उष्णता गमावत असतं.

आणि दुसऱ्या दिवशी सकाळी भाड्याच्या गाडीने स्कॉटिश हायलँड्सला निघायचा बेत असेल तर आदल्या रात्रीचा हिशेब पुन्हा करा. स्कॉटलंडमध्ये गाडी चालवणाऱ्याला मर्यादा १०० मिलिलिटर रक्तात ५० मिलिग्रॅम अल्कोहोलची आहे, इंग्लंडमधल्या ८० पेक्षा कडक. संध्याकाळी साडेसातला सुरू करून सहा टक्क्यांचे चार पाइंट घेतले असतील, तर शरीर ते पूर्ण निकालात काढेपर्यंत सकाळचे नऊ वाजतात. गाडी दुपारची घ्या.