'हे जरा नीट करून दे' एवढंच सांगितलं, तर एआय काय करतो?

मजकूर पेस्ट करून नुसतं 'हे जरा नीट करून दे' म्हटलं, तर चॅटजीपीटी, जेमिनी यांच्यासारखे सहायक सहसा उलट प्रश्न विचारत नाहीत. 'नीट' म्हणजे काय याचा अंदाज बांधतात आणि कामाला लागतात. गाळलेल्या जागाही स्वतःच भरतात, आणि घोळ होतो तो इथेच.

सोसायटीची ही नोटीस घ्या: 'उद्या टाकी साफ करायची आहे तरी सर्वांनी पाणी भरून ठेवावे.' ही 'फॉर्मल कर' म्हटलं की असं काहीतरी हातात पडू शकतं: 'सर्व सभासदांना कळविण्यात येते की, उद्या सकाळी १० ते सायंकाळी ५ या वेळेत टाकीची स्वच्छता करण्यात येणार असून...' ही वेळ कुणी दिली? कुणीच नाही. अशा नोटिशीत वेळ असते, म्हणून आली. 'उद्या' मात्र तसाच राहिला. कागद दोन दिवस फळ्यावर लटकला की तो उद्या कुठला, हे कुणालाच कळणार नाही.

त्यापेक्षा असं लिहा:

'खालची नोटीस फळ्यावर लावायची आहे. वाक्यरचना आणि शुद्धलेखन सुधार. भाषा साधी ठेव. "सदर", "उपरोक्त" नको. जास्तीत जास्त तीन वाक्यं. मजकुरात नसलेली तारीख, वेळ, नाव घालू नकोस, तिथे रिकामी जागा सोड. काही अस्पष्ट असेल तर लिहिण्याआधी विचार, पण तीनच प्रश्न.'

प्रश्नांना मर्यादा घालायची, कारण 'विचार' एवढंच म्हटलं तर कधीकधी दहा प्रश्नांची यादी समोर येते.

मराठीत आणखी एक भानगड आहे. क्रियापदावरून लिंग कळतं. अर्ज करणारी बाई असेल आणि तसं सांगितलं नसेल, तर 'मी विनंती करतो' असं छापून येण्याची शक्यता बरीच. लिहिणारी व्यक्ती कोण, समोरच्याला 'तुम्ही' म्हणायचं की 'आपण', हे आधीच सांगा. नाहीतर एकाच पत्रात दोन्ही सापडतात. 'शुद्धलेखन तपास' म्हटल्यावर 'केलं'चं 'केले' होतं आणि गप्पांचा लेख परिपत्रकासारखा वाचला जातो. कथेतल्या वऱ्हाडी, मालवणी संवादांचंही तेच. ते तसेच हवे असतील तर 'अवतरणातल्या ओळींना हात लावू नकोस' हे स्पष्ट लिहा.

'सोपं कर' हा शब्दही फसवा. शब्द सोपे करायचे की मजकूर कमी करायचा? बऱ्याचदा दोन्ही होतं आणि एखादी अट गळते. लांबी आकड्यात सांगा, पण शब्दसंख्या तंतोतंत येईल असं धरू नका. ही यंत्रं मजकूर शब्दांत नव्हे, शब्दांच्या तुकड्यांत हाताळतात, त्यामुळे मोजणी चुकते. 'दोन परिच्छेद, प्रत्येकी तीन वाक्यं' हे त्यांना जास्त जमतं.

सूचना आणि मजकूर यांच्यामध्ये रेघ मारा आणि खाली 'मजकूर:' लिहा. प्रश्नपत्रिकेची भाषा सुधारायला दिली आणि ही सीमा नसली, तर सहायक कधीकधी चक्क प्रश्नांची उत्तरं लिहायला लागतो.

मजकूर पेस्ट करायचाच राहिला, तर चांगला सहायक तो मागून घेतो. नुसती लिंक किंवा फाइलचं नाव दिलं असेल तर मात्र सावध राहा: आत काय असेल याचा तर्क लढवून तो अख्खा लेख रचू शकतो. नव्या चॅटमध्ये नुसत्या 'मागच्यासारखं कर'वरही विसंबू नका, मागचं चॅट त्याला नेमकं आठवेलच असं नाही. मागचा नमुना पुन्हा पेस्ट करा. एकाच चॅटमध्ये सात-आठ दुरुस्त्या झाल्या आणि गाडी भरकटली, तर शेवटचा मसुदा घेऊन नवं चॅट उघडणं बरं.

'काय काय बदललंस त्याची यादी दे' असं जरूर सांगा, पण त्या यादीवर विसंबू नका. तीही अपुरी निघते. मूळ मजकूर शेजारी ठेवून आधी आकडे, मग नावं आणि शेवटी प्रत्येक 'नाही' जुळवून पाहा.