एक घटका विणून बांधून ठेवण्याचा विधी

हा विधी कल्पनेतला आहे. कथेत, नाटकात किंवा भूमिकाखेळात करण्यासाठी. मापं मात्र जुन्या कालगणनेतली, खरी आहेत. त्यांत हयगय केली की विधीत जीव राहत नाही. एक घटका म्हणजे 24 मिनिटं. घटकेची 60 पळं, एक पळ 24 सेकंदांचं, आणि एका पळात सहा प्राण, म्हणजे चार-चार सेकंदांचे सहा शांत श्वास. सगळं गणित यावरच उभं आहे: ताण्याचे (मागावरचे उभे) 60 धागे, बाण्याचे (त्यांतून जाणारे आडवे) 60 धागे, आणि दर पळाला बाण्याचा एकच धागा. साठावा धागा बसला आणि त्याच वेळी पाण्यातलं पात्र बुडालं, तर घटका विणली गेली.

पात्र

‘सूर्यसिद्धान्ता’त सांगितलेलं कपालयंत्रच वापरायचं: तळाला छिद्र असलेलं तांब्याचं भांडं, स्वच्छ पाण्यात ठेवलं की अहोरात्रात 60 वेळा बुडणारं. पूर्वी लग्नघरी मुहूर्त साधायला घंगाळात सोडत ते घटिकापात्रही हेच. सुमारे 10 सेंटिमीटर तोंडाची, 100 ग्रॅमच्या आसपास वजनाची, गोल बुडाची वाटी घ्या. छिद्र अर्ध्या मिलिमीटरपासून सुरू करा, स्टॉपवॉच लावून बुडायला लागणारा वेळ मोजा आणि अगदी थोडं थोडं वाढवत 24 मिनिटांवर आणा. इथे घाई नडते. छिद्र वाढवणं सोपं, कमी करणं त्रासाचं. जास्त झालंच तर बाहेरून हलक्या हातोडीने कड ठोकून ते आवळावं लागतं आणि चाचणी पुन्हा पहिल्यापासून.

पात्र वेळ चुकवतं त्याची कारणं साधी असतात. थंड पाणी बारीक छिद्रातून सावकाश शिरतं, म्हणून पहाटे विधी करायचा असेल तर चाचणीही पहाटेच्या पाण्यातच घ्या. तेलकट बोट लागलं की छिद्राशी पाणी अडतं. वाटी चिंचेने घासून घ्या. जड पाण्याचा पांढरा थर छिद्रात साचला तर घटका लांबते. आणि आधीच्या फेरीचं पाणी वाटीत राहिलं तर ती लवकर बुडते, म्हणून दर वेळी कोरड्या फडक्याने पुसूनच सोडायची. घंगाळात निदान 20 सेंटिमीटर खोल पाणी हवं, आणि ते पूर्ण निवळलेलं.

माग

मोठा माग लागत नाही. लाकडी चौकटीच्या वरच्या आणि खालच्या पट्टीवर 6 सेंटिमीटरांत 30-30 खाचा पाडा. प्रत्येक खाचेत दोन धागे, म्हणजे ताणा 60 चा. दोरा सुती, चांगला पिळाचा, अर्धा मिलिमीटर जाडीचा. ताण्याला तांदळाची पातळ कांजी लावून पूर्ण वाळू द्या, नाहीतर बाणा दाबून बसवणाऱ्या फणीच्या घासण्याने धागे पिंजतात. एक आड एक धागे चपट्या पट्टीवर घ्या आणि उरलेल्यांना दोऱ्याचे फासे घालून ते एका काठीला बांधा. पट्टी उभी केली की एक वाट उघडते, काठी उचलली की दुसरी. हे नीट जमलं तरच बाणा 24 सेकंदांत निवांत पार होतो. बाण्याला पाच मीटर अखंड दोरा घ्या. मध्ये जोड चालत नाही. जोड आलेलं पळ हातात टिकत नाही.

विणणं

दोघं हवेत, एक विणणारा, एक श्वास मोजणारा. पात्र हलक्या हाताने पाण्यावर सोडलं की मोजणी सुरू. सहा श्वास झाले की मोजणाऱ्याने ‘पळ’ म्हणायचं आणि विणणाऱ्याने त्याच उच्चारावर फणी मारायची. धागा तोवर वाटेत पडलेला असावा. तो सरळ ताणून घालू नका. थोडा तिरपा, सैल ठेवा आणि मग फणीने खाली बसवा. सरळ ताणलेला बाणा काठांना आत ओढतो, सहा सेंटिमीटरांचं कापड वर जाता जाता पाचाचं होतं, आणि अशी आक्रसलेली घटका उलगडताना शेवटची पळं धावत सुटतात. उलट फार सैल सोडलात तर काठाला फासे लोंबतात. तिथे वेळ रेंगाळते आणि तेच वाक्य दोनदा ऐकू येतं.

ताण्याचा धागा तुटला तर दोन श्वासांत गाठून घ्या आणि पुढे चला. एखादं पळ निसटलं तर मात्र पुढच्या पळात दोन धागे घालून भरपाई करू नका. कापड दाट दिसेल, पण दोन पळं एकमेकांत अडकतील. तिथेच थांबून सगळं उसवा.

पन्नासाव्या पळानंतर विणणाऱ्याने पात्राकडे बघू नये, हात अडखळतो. मोजणाऱ्याने बघावं: वाटीची कड पाण्याला टेकते, क्षणभर पाणी कडेवर फुगून राहतं, मग एकदम आत लोटतं आणि वाटी तळाला जाते. एका पळाचा फरक चालतो. त्याहून जास्त पडला तर श्वास जलद झालेत की छिद्र तुंबलंय ते आधी शोधा. विधी त्याच दिवशी पुन्हा करायला हरकत नाही.

बांधणं

माघारी जाऊ पाहणारी घटका इथेच स्थिर होते. कापड चौकटीवर असतानाच घंगाळातलं पाणी त्यावर शिंपडा. कांजी ओली होऊन धागे एकमेकांना धरतात. सावलीत वाळवा. वाळल्यावर ताणा कापून दोन्ही टोकांना सहा-सहा धाग्यांच्या दहा गाठी मारा, कापडाला अगदी भिडवून. गाठ आणि कापड यांत फट राहिली तर शेवटचा बाणा सरकतो आणि घटका आपोआप गळू लागते. बाण्याचं सुरुवातीचं टोक कापडात ओवून लपवा, शेवटचं बोटभर मोकळं ठेवा.

वापरताना शेवटच्या बाजूच्या गाठी सोडून हेच मोकळं टोक ओढायचं, एका वेळी एक धागा. प्रत्येक धागा 24 सेकंद परत देतो. घटका अर्धीच हवी असेल तर तीस धागे निघाल्यावर त्या बाजूला पुन्हा दहा गाठी मारा. सुरुवातीच्या बाजूने उसवलेली घटका मात्र परत बांधता येत नाही.